कार्लाइल इंडियन स्कूल, १९१२: एका फुटबॉल हंगामाचा जमाखर्च

अश्मक

२६ ऑक्टोबर १९१२ रोजी, शनिवारी, कार्लाइल इंडियन स्कूलच्या फुटबॉल संघाने जॉर्जटाउन विद्यापीठाला ३४-२० असे हरवले. मधला रविवार प्रवासात गेला असणार, कारण सोमवारी, २८ तारखेला, हाच संघ कॅनडात टोरांटोच्या संघासमोर उभा होता आणि तो सामना त्याने ४९-१ असा जिंकला. पुढच्या शनिवारी लीहाय विद्यापीठाविरुद्ध ३४-१४. आठ दिवसांत तीन सामने, दोन देश आणि तिन्ही विजय. आणि ही त्या हंगामातली धावपळ फार वेगळी नव्हती. २१ सप्टेंबर ते २८ नोव्हेंबर या दहा आठवड्यांत हा संघ चौदा सामने खेळला. त्यांपैकी बारा जिंकले, एक बरोबरीत सुटला, एक हरला. स्वतःचे गुण ५०४, प्रतिस्पर्ध्यांचे ११४.

येथे फुटबॉल म्हणजे अमेरिकी फुटबॉल, चेंडू हातात घेऊन पळण्याचा. मी गेली काही वर्षे पेनसिल्व्हेनियात राहतो आणि कार्लाइल हे गाव माझ्या घरापासून गाडीने फार लांब नाही. तिकडे दोनदा जाऊन आल्यावर या हंगामाविषयी मिळेल ते वाचत गेलो. बहुतेक लेखन संघातल्या सर्वांत नावाजलेल्या खेळाडूच्या, जिम थॉर्पच्या, एका नावापाशी सुरू होते आणि तिथेच संपते. मला तसे करायचे नाही, म्हणून हा धागा.

आधी शाळेविषयी. कार्लाइल हे काही कॉलेज नव्हते. १८७९ साली रिचर्ड हेन्री प्रॅट या लष्करी अधिकाऱ्याने एका जुन्या छावणीत केंद्र सरकारच्या पैशावर ही निवासी शाळा काढली. अमेरिकेतल्या मूलनिवासी जमातींची (त्यांना तिकडे ‘इंडियन’ म्हणत) मुले घरापासून शेकडो कोस दूर आणायची, केस कापायचे, नाव बदलायचे, अंगात गणवेश चढवायचा, मातृभाषा बोलू द्यायची नाही, अर्धा दिवस वर्गात बसवायचे आणि अर्धा दिवस शिवणकाम, सुतारकाम किंवा लोहारकाम शिकवायचे, अशी तिची पद्धत होती. माणूस वाचवायचा तर त्याच्यातला इंडियन मारला पाहिजे, असे प्रॅटने १८९२ सालच्या भाषणात उघड सांगितले होते आणि ते तो सद्भावनेने सांगत होता, हे त्यातले अधिक भयंकर.

फुटबॉल या शाळेत विद्यार्थ्यांच्या हट्टाने आला. सुरुवातीच्या एका सामन्यात एका मुलाचा पाय मोडल्यावर प्रॅटने बाहेरच्या संघांशी खेळण्यावर बंदी घातली होती. मुलांनी शिष्टमंडळ नेऊन ती उठवायला लावली. प्रॅटने दोन अटी घातल्या, असे तो स्वतःच सांगत असे. समोरच्याने हात उगारला तरी तुम्ही उगारायचा नाही, आणि काही वर्षांत देशातल्या सर्वांत मोठ्या संघांना हरवून दाखवायचे. १८९९ मध्ये पॉप वॉर्नर प्रशिक्षक म्हणून आला, मध्ये तीन वर्षे बाहेर जाऊन १९०७ मध्ये परतला. हार्वर्ड, पेनसिल्व्हेनिया, सिराक्यूज या विद्यापीठांच्या वेळापत्रकात कार्लाइलचे नाव मानाने येत असे.

१९१२ साल महत्त्वाचे ठरण्याचे एक कारण नियमांत आहे. त्या वर्षी मैदानाची लांबी ११० यार्डांवरून १०० यार्ड झाली आणि दोन्ही टोकांना दहा-दहा यार्डांचे पट्टे आले. दहा यार्ड पुढे सरकण्यासाठी पूर्वी तीन प्रयत्न मिळत, ते चार झाले. टचडाउनचे, म्हणजे चेंडू समोरच्याच्या टोकाच्या पट्ट्यात नेण्याचे, पाच गुण होते, ते सहा झाले. आणि पुढे फेकलेला चेंडू वीस यार्डांपलीकडे जाता कामा नये, ही अट गेली. थोडक्यात, अंगाने जड असलेल्या खेळाडूंनी घोळक्याने रेटत जाण्याचा जुना खेळ मागे पडावा आणि चपळाईला वाव मिळावा, असे बदल झाले. कार्लाइलचा संघ सरासरीने हलका होता. नियम बदलले ते त्यांच्यासाठी नव्हे. पण नव्या नियमांचा अर्थ वॉर्नरला इतरांच्या आधी कळला आणि त्याच्या मुलांना तो अमलात आणता आला.

हंगामाची सुरुवात दुबळ्या संघांपासून झाली. ऑलब्राइट ५०-७, लेबनन व्हॅली ४५-०, गावातलेच डिकिन्सन कॉलेज ३४-०, व्हिलानोव्हा ६५-०. मग वॉशिंग्टन अँड जेफरसन या कॉलेजाने ०-० असे रोखले. आठवड्याने सिराक्यूजला ३३-० ने धुतले, ज्यांनी आदल्या वर्षी कार्लाइलला त्या हंगामातला एकमेव पराभव दाखवला होता, तोही एका गुणाने. पिट्सबर्ग ४५-८. मग वर सांगितलेला आठ दिवसांचा फेरा.

आणि ९ नोव्हेंबरला वेस्ट पॉइंट. अमेरिकी लष्कराची अधिकारी घडवणारी संस्था एका बाजूला, आणि त्याच लष्कराने ज्यांच्या वाडवडिलांना हुसकावले त्यांची मुले दुसऱ्या बाजूला. वूंडेड नी येथे लष्कराने केलेल्या मूलनिवासींच्या हत्याकांडाला तेव्हा पुरती बावीस वर्षेही झाली नव्हती. सामन्याआधी वॉर्नरने मुलांना या इतिहासाची आठवण करून दिली, असे सांगितले जाते. निकाल २७-६, कार्लाइलच्या बाजूने.

पुढच्याच आठवड्यात फिलाडेल्फियात पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाकडून, ज्यांचा तो हंगाम सुमारच चालला होता, हा संघ ३४-२६ असा हरला. स्प्रिंगफिल्ड ३०-२४ असे निसटते जिंकले, आणि थँक्सगिव्हिंगच्या दिवशी ब्राउन विद्यापीठाला ३२-० ने हरवून हंगाम संपला.

पुढची काही वर्षेही यात धरायला हवीत, कारण सहा वर्षांत ही शाळाच बंद पडली. त्याविषयी प्रतिसादांत लिहीन.

पंतोजी

लेख आवडला. दोन शंका आहेत. पहिली अगदी साधी: टोरांटोच्या संघाला एकच गुण कसा मिळाला? अमेरिकी फुटबॉलमध्ये टचडाउननंतरच्या किकला एक गुण असतो हे ठाऊक आहे, पण टचडाउन झाल्याशिवाय ती संधीच मिळत नाही.

दुसरी शंका जरा अप्रिय आहे. जिम थॉर्पचा जन्म १८८७ चा, म्हणजे १९१२ च्या हंगामात तो पंचवीस वर्षांचा होता. त्याला शाळकरी मुलगा म्हणणे कितपत योग्य? कॉलेजांच्या संघांमध्ये एका विद्यार्थ्याने किती वर्षे खेळावे याचे दंडक तेव्हा घट्ट होत चालले होते, आणि कार्लाइल त्या दंडकांबाहेर होते. मग ५०४ गुणांचे कौतुक करताना ही सवलत हिशेबात धरायला नको का?

गिरीभ्रमर

पहिल्या शंकेचे उत्तर मी देतो, कारण मी टोरांटोजवळच राहतो. तो सामना अर्धा अमेरिकी नियमांनी आणि अर्धा कॅनडातल्या रग्बीच्या नियमांनी खेळला गेला. कॅनडाच्या खेळात चेंडू लाथेने समोरच्या संघाच्या गोलपट्ट्यात घालवला आणि त्या संघाला तो तिथून बाहेर काढता आला नाही, तर मारणाऱ्याला एक गुण मिळतो. त्याला रूज म्हणतात. अमेरिकेतून येणाऱ्या पाहुण्यांची आमच्या या एका गुणावरून चेष्टा करण्याची रीत जुनी आहे. त्या दिवशी ज्या संघाने ४९ गुण खाल्ले त्याच्या पदरात निदान हा एक गुण तरी पडला. यजमानांच्या नियमांनी खेळून दाखवण्याची तयारी कार्लाइलने ठेवली, हेही लक्षात घ्यावे. दोन दिवसांपूर्वीचा सामना अंगावर असताना अनोळखी नियमांनी खेळणे सोपे नसते.

अश्मक

गिरीभ्रमर, आभार.

पंतोजी, आपला दुसरा मुद्दा रास्त आहे आणि तो त्या काळातही प्रतिस्पर्ध्यांनी काढला होता. संघातले बरेच जण वयाने प्रौढ होते. मात्र या सवलतीची दुसरी बाजूही पाहावी. ही मुले अनेकदा वयाच्या नवव्या-दहाव्या वर्षी अशा शाळांत येत, मध्येच पळून जात, पकडून परत आणली जात, उन्हाळ्यात आसपासच्या शेतकऱ्यांकडे कामाला धाडली जात. वयानुसार इयत्ता चढत जाण्याची सरळ वाट त्यांच्यापैकी कुणालाही नव्हती. थॉर्प १९०४ मध्ये आला, १९०९ मध्ये गेला, १९११ मध्ये परतला. याच्या उलट हार्वर्ड किंवा वेस्ट पॉइंट यांच्याकडे निवडीला शेकडो तरुण असत, आणि वेस्ट पॉइंटचे विद्यार्थीही काही कोवळे नव्हते. त्यामुळे तराजूच्या कोणत्या पारड्यात किती वजन टाकायचे, हे मला ठरवता येत नाही. सवलत होती हे मान्य.

सावली

वेस्ट पॉइंटच्या सामन्याविषयी थोडे लिहिते, कारण त्याच्याभोवती दंतकथांची इतकी पुटे चढली आहेत की मूळ सामना दिसेनासा झाला आहे.

पहिली दंतकथा आयझेनहॉवरची. पुढे अमेरिकेचा अध्यक्ष झालेला ड्वाइट आयझेनहॉवर त्या दिवशी वेस्ट पॉइंटकडून खेळत होता हे खरे. थॉर्पला दोघांनी मिळून कसे आडवे करायचे याचा त्याने एका सहकाऱ्याबरोबर बेत केला होता आणि त्यात तेच दोघे एकमेकांवर आपटले, हेही बहुतेक वृत्तांतांत येते. पण थॉर्पला अडवताना त्याचा गुडघा कायमचा मोडला, असे जे सांगतात ते बरोबर नाही. त्याच्या गुडघ्याला निर्णायक दुखापत झाली ती पुढच्या आठवड्यात टफ्ट्स कॉलेजविरुद्धच्या सामन्यात, आणि नंतर घोडेस्वारीच्या कवायतीत ती बळावली. एका आठवड्याचे अंतर आहे, पण गोष्ट सांगणाऱ्यांना एवढा आठवडाही जड जातो.

दुसरी दंतकथा थॉर्पच्या धावेची. त्याने ९२ यार्ड पळून टचडाउन केला, तो कुणाच्या तरी चुकीमुळे रद्द ठरला, आणि लगेच पुढच्या किकवर त्याने ९७ यार्ड पळून तो पुन्हा केला, असे ऐकायला मिळते. तसे घडले असते तर त्या दिवशीच्या गुणांत थॉर्पच्या नावावर टचडाउन असायला हवा होता.

तरीही अश्मक, सूडाची भावना या सामन्यात नव्हती असे कुणी म्हणू नये. ज्या मुलांच्या घरी अजून त्या लढायांतून वाचलेली माणसे जिवंत होती, त्यांना वेस्ट पॉइंटचा गणवेश पाहून काय वाटले असेल, हे सांगायला प्रशिक्षकाच्या भाषणाची गरज नव्हती.

अश्मक

सावली, आपण नेमक्या ठिकाणी बोट ठेवलेत. आता गुणच पाहू. कार्लाइलचे चार टचडाउन झाले. त्यांतले तीन ॲलेक्स आर्केसाचे आणि एक जो बर्गीचा. चार सहा चोवीस. त्यावर थॉर्पच्या तीन किक, म्हणजे सत्तावीस. त्या हंगामाच्या जुन्या नोंदींत २५ टचडाउन आणि १९८ गुण ज्याच्या नावावर मांडलेले असतात, त्या थॉर्पने हंगामातल्या सर्वांत मोठ्या सामन्यात एकही टचडाउन केला नाही. मला हा तपशील फार महत्त्वाचा वाटतो.

झाले असे. वॉर्नरने या सामन्यासाठी दोन्ही हाफबॅक, म्हणजे चेंडू घेऊन पळणारे गडी, मागच्या फळीतून काढून पुढच्या ओळीच्या दोन टोकांबाहेर, किंचित मागे उभे केले. यालाच पुढे दुहेरी विंग म्हणू लागले. त्यामुळे चेंडू कोणाकडे आहे, कोण तो घेऊन वळसा घालणार आणि कोण पास घ्यायला पुढे पळणार, हे समोरच्याला शेवटच्या क्षणापर्यंत कळेना. वेस्ट पॉइंटचे डोळे साहजिकच थॉर्पवर. तो एका बाजूला निघाला की अर्धा संघ त्याच्यामागे, आणि चेंडू मात्र आर्केसाच्या काखेत दुसऱ्या बाजूने निघालेला. या सगळ्याचा सूत्रधार होता क्वार्टरबॅक गस वेल्श. त्या काळी मैदानाबाहेरून सूचना देणे नियमाला धरून नव्हते. प्रत्येक वेळी काय करायचे ते क्वार्टरबॅकनेच ठरवायचे. म्हणजे आराखडा वॉर्नरचा असला, तरी कोणता डाव कधी टाकायचा ही अक्कल वेल्शची.

आणि राग? रागाने त्या दिवशी दोन्ही संघांचे नुकसानच केले. कार्लाइलचा फुलबॅक पॉवेल मारामारीबद्दल बाहेर काढला गेला, आणि पहिला टचडाउन वेस्ट पॉइंटचा झाला. मध्यंतराला कार्लाइल जेमतेम ७-६ असे पुढे होते. दुसऱ्या सत्रात वेस्ट पॉइंटचा कर्णधार लेलँड डेव्होर, जो सहा फुटांहून बराच उंच आणि मैदानावरचा सर्वांत धिप्पाड गडी होता, त्याने कार्लाइलच्या जो गुयॉनवर राग काढला आणि पंचांनी त्यालाही घालवले. त्यानंतर कार्लाइलने वीस गुण केले. ज्यांनी डोके थंड ठेवले ते जिंकले. सूडाची भावना असेलच, नाही असे मी म्हणत नाही. मात्र त्या दिवशी सामना जिंकून दिला तो वेल्शच्या डोक्याने आणि आर्केसाच्या पायांनी.

राग नंतर बाहेर आला, आणि तो लष्करावर नव्हे.

मोडीवाचक

मी इथे जमाखर्चाच्या बाजूने डोकावतो, कारण जुने हिशेब वाचणे हा माझा छंद आहे आणि धाग्याचे शीर्षकही तेच आहे.

चौदा सामन्यांपैकी बहुतेक सामने परगावी का झाले? कार्लाइलचे स्वतःचे मैदान लहान होते आणि गावही लहान. हार्वर्ड, पेनसिल्व्हेनिया, सिराक्यूज यांच्या मैदानांवर हजारोंनी तिकिटे खपत आणि उत्पन्नाचा वाटा पाहुण्या संघाला मिळे. ‘इंडियन’ संघ बघायला लोक जास्त येत. त्या गर्दीला काय पाहायचे होते ते उघड आहे, वर्तमानपत्रांचे मथळेही मुंडकी छाटण्याच्या आणि युद्धनृत्याच्या भाषेत छापले जात. हा पैसा शाळेला मिळणाऱ्या सरकारी अनुदानापासून वेगळा, क्रीडामंडळाच्या खात्यात जाई. वॉर्नर नुसता प्रशिक्षक नव्हता, त्या मंडळाची व्यवस्थाही त्याच्याकडे होती.

एखाद्या संस्थेत एकच माणूस संघ निवडतो, सामने ठरवतो आणि पैसाही हाताळतो, तेव्हा हिशेबाच्या वह्या कोण तपासतो हा पहिला प्रश्न विचारायचा असतो. इथे कुणीच तपासत नव्हते, आणि १९१४ साली अमेरिकी संसदेच्या संयुक्त समितीने त्या उघडल्या तेव्हा त्यातून बरेच काही निघाले. त्या निधीतून इमारतींवर खर्च झाला होता, प्रशिक्षकाच्या राहत्या घरावर झाला होता, आणि पूर्वीच्या काळात खेळाडूंना रोख पैसेही दिले गेले होते. त्याच वेळी सामान्य विद्यार्थ्यांना पोटभर जेवण मिळत नसल्याच्या तक्रारी होत्या. खेळाडूंची पंगत निराळी होती आणि त्यांचे ताट बरे असे. फुटबॉलचा पैसा शाळेत आला आणि शाळेला मिळाला नाही, असे मी म्हणेन.

ही चौकशी लागली कशी, हे अश्मक यांनी सांगावे. मला वाटते त्यांचा रोख तिकडेच आहे.

अश्मक

मोडीवाचक, आपण बरोबर ओळखलेत. चौकशी लागली ती विद्यार्थ्यांच्या अर्जाने. पावणेतीनशेच्या आसपास सह्या असलेला अर्ज सरकारदरबारी गेला, आणि तो घेऊन पुढे झालेल्यांत प्रमुख होता गस वेल्श, १९१२ चा क्वार्टरबॅक आणि १९१३ चा कर्णधार.

हा माणूस विस्कॉन्सिनमधल्या ओजिब्वे जमातीचा. घरातली बरीच माणसे क्षयाने गेलेली. १९१४ च्या फेब्रुवारीत समितीपुढे उभे राहून त्याने वॉर्नरविषयी साक्ष दिली. वॉर्नर खेळाडूंना शिव्या देतो, अंगावर हात टाकतो, सामन्याच्या आदल्या संध्याकाळी हॉटेलच्या दिवाणखान्यात बसून तिकिटे विकतो. फुटबॉलचा प्रशिक्षक म्हणून तो चांगला आहे, पण त्याला तत्त्व नाही, असा त्याच्या सांगण्याचा आशय होता. ज्याचे डाव आपण मैदानावर तीन वर्षे चालवले त्याचे कौशल्य मान्य करून त्याच्याविरुद्ध साक्ष देणे, हे मला वेस्ट पॉइंटच्या विजयाहून अवघड वाटते. सामन्यात चूक झाली तर फार तर सामना जातो. इथे सरकारी शाळेतला, घरदार नसलेला एक विद्यार्थी देशातल्या नामांकित प्रशिक्षकाविरुद्ध बोलत होता.

सावली

थॉर्पच्या पदकांचे प्रकरण याच धाग्यात यायला हवे, कारण वेल्शच्या साक्षीमागे तेही असावे असे मला वाटते. ते दोघे एका खोलीत राहत.

१९१२ च्या उन्हाळ्यात स्टॉकहोम ऑलिम्पिकमध्ये थॉर्पने पेंटॅथ्लॉन (पाच प्रकारांची) आणि डेकॅथ्लॉन (दहा प्रकारांची) या दोन्ही स्पर्धा जिंकल्या होत्या. त्याच्याबरोबर गेलेल्या, कार्लाइलच्याच लुइस टेवानिमाने दहा हजार मीटर शर्यतीत रौप्यपदक मिळवले. हा टेवानिमा होपी जमातीचा. मुलांना सरकारी शाळांत पाठवायला विरोध करणाऱ्या होपींपैकी काहींना कैदी म्हणून कार्लाइलला आणले, त्यांत तो होता. ऑगस्टमध्ये गावाने दोघांची मिरवणूक काढली आणि सप्टेंबरात हंगाम सुरू झाला.

हंगाम संपून दोन महिने होतात न होतात तोच, जानेवारी १९१३ मध्ये, वूस्टर गावच्या एका वर्तमानपत्राने छापले की थॉर्प १९०९ आणि १९१० साली उत्तर कॅरोलिनात पैसे घेऊन बेसबॉल खेळला होता. हौशी खेळाडूंनाच ऑलिम्पिकमध्ये प्रवेश होता. थॉर्पच्या नावाने एक पत्र गेले. आपण एक साधा इंडियन शाळकरी मुलगा होतो, आपल्याला या गोष्टी कळत नव्हत्या, इतर कॉलेजांची मुलेही उन्हाळ्यात असेच खेळत पण खोटी नावे घेऊन, अशा आशयाचे. या पत्राच्या मागे वॉर्नरचा हात होता असे बहुतेक अभ्यासक मानतात. वॉर्नर आणि अधीक्षक फ्रीडमन या दोघांनी आपल्याला काहीच माहिती नव्हती असे सांगून हात झटकले. ज्या संघाचा मुख्य खेळाडू दोन वर्षे गायब होता, त्याच्या प्रशिक्षकाला तो कुठे होता हे माहीत नसावे, यावर विश्वास ठेवायला फारच भोळेपणा लागतो.

पदके काढून घेतली गेली. वास्तविक स्पर्धेच्या नियमांप्रमाणे अशी हरकत तीस दिवसांच्या आत घ्यायला हवी होती आणि तेव्हा सहा महिने उलटून गेले होते. थॉर्प १९५३ मध्ये वारला. ऑलिम्पिक समितीने १९८२ मध्ये त्याचे नाव पुन्हा घातले तेही संयुक्त विजेता म्हणून. एकमेव विजेता म्हणून त्याची नोंद व्हायला जुलै २०२२ उजाडले.

पंतोजी, आपण वर विचारलेत की पंचवीस वर्षांच्या माणसाला शाळकरी मुलगा कसे म्हणायचे. त्याला शाळकरी मुलगा म्हणणे ज्यांच्या सोयीचे होते, त्यांनीच ते शब्द त्याच्या तोंडी घातले.

पंतोजी

सावली, हे मला सुचले नव्हते. शंका मागे घेतो असे नाही, पण ती विचारताना मी कुणाची भाषा वापरत होतो ते कळले.

चौकशीनंतर काय झाले? आणि अश्मक, आपण दोनदा तिकडे जाऊन आलात असे लिहिले आहे. आज तिथे काय शिल्लक आहे?

अश्मक

फ्रीडमनला अधीक्षकपद सोडावे लागले. वॉर्नर १९१४ चा हंगाम पुरा करून पिट्सबर्ग विद्यापीठाकडे गेला आणि तिथे जिंकत राहिला; त्याच्या कारकिर्दीला फारसा ओरखडाही उठला नाही. कार्लाइलचा संघ मात्र १९१४ मध्येच कोसळला होता, जिंकलेल्यांपेक्षा हरलेले सामने जास्त. १९१८ मध्ये सरकारने शाळा बंद केली आणि महायुद्धातून परतणाऱ्या जखमी सैनिकांसाठी तिथे रुग्णालय उघडले.

आज त्या आवारात लष्कराचे उच्च प्रशिक्षण महाविद्यालय आहे. फाटकावर ओळखपत्र दाखवून, गाडीची तपासणी करून आत जावे लागते. जुने मैदान आहे, त्याला इंडियन फील्ड म्हणतात. मी गेलो तेव्हा त्याच्या धावपट्टीवर दोन अधिकारी व्यायाम करत होते. जवळच्या व्यायामशाळेला थॉर्पचे नाव आहे. दफनभूमी मात्र फाटकाजवळच, रस्त्याला लागून आहे. मूळ जागेवरून ती १९२७ साली इथे हलवली. लष्करी पद्धतीचे पांढरे, गुडघ्याएवढे दगड ओळीने लावलेले. दगडावर नाव, खाली जमात. काही दगडांवर नुसतेच ‘अज्ञात’. पायथ्याशी कुणी लहान खेळणी, मण्यांच्या माळा आणि नाणी ठेवलेली होती. २०१७ पासून जमातींच्या मागणीवरून काही मुलांचे अवशेष त्यांच्या गावी परत नेले जात आहेत, त्यामुळे ओळींत मधेमधे ताज्या गवताचे रिकामे चौकोन दिसतात. १९१२ च्या संघातल्या कुणाचाही दगड मी तिथे शोधला नाही. ते सगळे वाढून, खेळून तिथून बाहेर पडले. डिसेंबर २०२४ मध्ये या आवाराला राष्ट्रीय स्मारक म्हणून घोषित करण्यात आले.

गिरीभ्रमर

बाकीच्या खेळाडूंचे काय झाले, हेही सांगून टाका. थॉर्प पुढे व्यावसायिक फुटबॉल खेळला आणि १९२० मध्ये आजच्या एनएफएलच्या, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक फुटबॉल लीगच्या, पूर्वावताराचा पहिला अध्यक्ष झाला, एवढे मला ठाऊक आहे.

अश्मक

गुयॉन जॉर्जिया टेक या संस्थेकडून खेळला, मग व्यावसायिक झाला आणि थॉर्पप्रमाणेच त्यालाही व्यावसायिक फुटबॉलच्या मानदालनात जागा मिळाली. १९२२ आणि १९२३ साली थॉर्प, गुयॉन आणि पीट कॅलॅक हे कार्लाइलचे तिघे ओहायोतल्या ओरँग इंडियन्स या संघात पुन्हा एकत्र आले. तो संघ कुत्र्यांच्या एका पैदासकाराने आपल्या धंद्याच्या जाहिरातीसाठी उभा केला होता आणि मध्यंतरात खेळाडूंना कुत्र्यांबरोबर कसरती आणि नाच करून दाखवावे लागत. वेस्ट पॉइंटला हरवून दहा वर्षे झाली होती.

वेल्श त्या वाटेला गेला नाही. ज्या डिकिन्सनला त्यांनी सप्टेंबर १९१२ मध्ये ३४-० ने हरवले होते, त्याच गावातल्या डिकिन्सनच्या विधी महाविद्यालयातून त्याने कायद्याची पदवी घेतली. महायुद्धात तो लष्करात अधिकारी होता. १९१९ ते १९२२ ही चार वर्षे तो वॉशिंग्टन राज्यातल्या सरकारी कॉलेजाचा मुख्य प्रशिक्षक होता. आणि १९३३ मध्ये तो कॅन्ससमधल्या हॅस्केल या संस्थेत फुटबॉल शिकवायला गेला. हॅस्केल ही कार्लाइलसारखीच, सरकारने मूलनिवासी मुलांसाठी काढलेली निवासी शाळा म्हणून सुरू झालेली होती.

मोडीवाचक

प्रशिक्षक म्हणून. आणि तिथल्या हिशेबाच्या वह्या कुणाकडे होत्या?

अश्मक

ते शोधतो आहे. सापडले तर याच धाग्यावर लिहीन.